घर वगळून बाकी सर्व

गेल्या उन्हाळ्यातल्या एका सकाळी मी बँकेतून घरी आलो, चपला न काढताच आत गेलो, कामाच्या पिशवीतून गेरू लावलेली दोरी काढली आणि तिचे एक टोक पत्नीच्या हातात दिले. ती सवयीप्रमाणे पुढच्या दारापाशी भिंतीला टेकून उभी राहिली. मी म्हणालो, इथे नाही, मागे चल. दोरी दोघांमध्ये धरून आम्ही मागे मागे जाऊ लागलो. पुढची खोली संपली, मधली संपली, तरी मी थांबेना, तेव्हा ती म्हणाली, "अहो, कुठवर नेताय?" स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडल्यावर मी दोरी ताणली आणि सोडली. फरशीवर लाल रेघ उमटली. रेघेच्या एका बाजूला ओटा, मोरी आणि पिठाचा डबा. बाकीचे सगळे घर दुसऱ्या बाजूला.

ती रेघ कशाची, ते पुढे लिहितो. आधी रीतीप्रमाणे जे लिहायला हवे ते लिहितो.

मी, खाली सही करणार, वय एकोणपन्नास, धंदा स्वयंपाकघरातले दगडी ओटे कापून बसवणे, असे लिहून ठेवतो की माझे डोके ठिकाणावर आहे. छाती नाही, पण मृत्युपत्राला छाती लागत नाही असे वकीलबाई म्हणाल्या. हे मी कोणाच्या धाकाने, आग्रहाने किंवा नशेत लिहीत नाही. देवाला स्मरून लिहितो. रोज सकाळी त्याच्यापुढे हात जोडतो तेव्हा जेवढे खरे बोलतो, तेवढेच इथे लिहिणार आहे. याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही, कारण वाटून देण्यासारखे आपल्याकडे नक्की काय आहे, हेच मला ठाऊक नव्हते.

वकीलबाईंनी असेही सांगितले की मृत्युपत्रात रागलोभ लिहू नयेत. पण रागलोभ वगळले तर माझे मृत्युपत्र पोस्टकार्डावर मावेल. म्हणून लिहितो. त्यांना हवे तेवढे त्यांनी कायदेशीर समजावे.

कलम पहिले, हत्यारांबद्दल. माझे मोठे कटर, पॉलिशची चाके, गुण्या, पाणसळ, ओळंबा आणि पुठ्ठे कापायची कात्री माझ्या जोडीदाराला द्यावी. त्याला सगळे पैलवान म्हणतात, कारण तो वारा सुटला की भिंतीच्या कडेने चालतो. पुठ्ठ्याची कात्री क्षुल्लक वाटेल, पण तीच सगळ्यात महत्त्वाची आहे. कोणत्याही घराच्या भिंती काटकोनात नसतात. बांधणारा शपथ घेऊन सांगेल की आहेत, पण नसतात. म्हणून आम्ही आधी जागेवर पुठ्ठ्याचा साचा कापतो, तो कोपऱ्यात बसवून बघतो आणि मगच दगडाला हात लावतो. दगड एकदा कापला की परत जोडता येत नाही.

हत्यारे देताना एक अट आहे. कटरवर पाणी सोडूनच दगड कापावा. पैलवान म्हणेल, पाणी सोडले की चिखल होतो, चिखल झाला की घरच्या बाई ओरडतात आणि दिवसाला एकच ओटा होतो. हे खरे आहे. कोरडे कापले तर दोन होतात. मी अठरा वर्षे कोरडे कापले. पहिला ओटा घरखर्चाचा, दुसरा हप्त्याचा. तोंडाला रुमाल बांधायचो आणि आपण काळजी घेतो आहोत असे समजायचो. छातीच्या डॉक्टरांनी फोटो उजेडासमोर धरला तेव्हा माझ्या छातीत पिठूर चांदणे पडल्यासारखे दिसत होते. ते म्हणाले, "हा दगड आहे. हा आता बाहेर येत नाही." मी विचारले, वाढतो का? त्यांनी फोटो पाकिटात घातला आणि मला पाणी विचारले.

कलम दुसरे. मुलीचे लग्न होऊन ती तिच्या घरी सुखी आहे. उरलेल्या पांढऱ्या दगडाचे मी केलेले छोटे मेज तिला द्यावे. न्यायला दोन माणसे लागतील. जावईबापूंनी एकट्याने उचलून दाखवू नये, त्यांची कंबर मला माहीत आहे. पोस्टातली तिच्या नावाची ठेव तिचीच आहे. ती तिच्या आईला देऊ करेल, आईने घेऊ नये.

कलम तिसरे, मेहुण्याबद्दल. पत्नीचा थोरला भाऊ घरांची दलाली करतो. आम्ही दोन खोल्यांत भाड्याने राहत होतो तेव्हा तो दर रविवारी येऊन सांगायचा की भाडे म्हणजे पैसे पाण्यात, हप्ता म्हणजे पैसे भिंतीत. भाड्यापेक्षा थोडाच जास्त हप्ता, आणि वीस वर्षांनी घर आपले. "भाऊजी, डोळे मिटून सही करा," असे तो म्हणाला, आणि मी जवळजवळ तसेच केले. गावच्या घरातला माझा वाटा धाकट्या भावाला विकून पहिले पाच लाख भरले. बाकीचे वीस लाख बँकेचे. मेहुण्याला मी काही देत नाही. त्याने त्या वेळी दोन्हीकडून दलाली घेतली, तीच पुरे. मी त्याला क्षमा केली आहे असे रोज देवाला सांगतो. देव ऐकून घेतो, पण त्यालाही ते पटत नसावे.

आता रेघेबद्दल. घर घेतले तेव्हा मुलगा सहा वर्षांचा होता. राहायला गेल्यावर पहिल्याच आठवड्यात त्याने विचारले, "बाबा, हे घर आपलं का बँकेचं?" मी म्हणालो, थोडे आपले, थोडे बँकेचे. तो म्हणाला, "मग आपलं कुठलं, ते दाखवा." पोराला काहीतरी दाखवायचे म्हणून मी दोरी काढली. घर लांबट होते, पुढची खोली, मधली, स्वयंपाकघर अशी आगगाडीच्या डब्यांसारखी रांग. मी त्या लांबीचे वीस भाग केले, वीस वर्षांचे वीस. पत्नी म्हणाली, आधी माझा ओटा सोडवा. म्हणून मागून सुरुवात केली.

दर वर्षी घर घेतले त्या तारखेला आम्ही रेघ एक भाग पुढे न्यायचो. जुनी रेघ पुसायची, नवी मारायची आणि गोड काहीतरी खायचे. हा आमच्या घरचा सणच झाला होता. पाहुणे पुढच्या खोलीत बसले की पत्नी म्हणायची, "बसा, बँकेत बसलाय, चहा आमच्याकडून येईल." मुलाच्या चेंडूने पुढची काच फुटली तेव्हा तो न घाबरता म्हणाला, "आपली नाही फुटली, बँकेची फुटली." दहाव्या वर्षी रेघ मधल्या खोलीच्या बरोबर मध्यावर आली तेव्हा सगळ्या गल्लीला चहा पाजला आणि पैलवान अर्ध्या घरात नाचला. रेघ ओलांडायची नाही अशी पैज होती. गेल्या वर्षी ती पुढच्या दारापाशी, चपलांच्या फळीला लागली होती. आता फक्त चपला बँकेच्या, असे पत्नी म्हणाली.

आमच्या गावच्या शाळेत मास्तरांनी सरळव्याज चांगले शिकवले. चक्रवाढीचा धडा पुढच्या इयत्तेत होता आणि त्या इयत्तेत मी गेलो नाही. फरशी मोजतात तसे मी कर्ज मोजले. एक वर्ष भरले म्हणजे एक फरशी बसली. या गणितात आम्हा चौघांपैकी कोणालाही कधी शंका आली नाही. बँकेची पत्रे यायची. व्याजाचा दर बदलला आहे, परंतु आपला हप्ता तोच राहील, असे त्यांत असायचे. हप्ता तोच राहील हे वाचले की आम्ही सुटकेचा निःश्वास टाकायचो. एकदा तर पत्नीने त्या पत्राला हात जोडले.

डॉक्टरांनी काम बंद करायला सांगितले तेव्हा मी म्हणालो, दोनच वर्षे राहिली आहेत. ती एकरकमी फेडता येतील का, हे विचारायला मी त्या सकाळी बँकेत गेलो. कर्जाच्या टेबलावर एक तरुण बाई होत्या. त्यांनी पडद्यावर बघितले, मग माझ्याकडे बघितले आणि म्हणाल्या, "काका, आधी बसा." तेव्हाच मला कळायला हवे होते. छातीच्या डॉक्टरांनीही आधी बसाच म्हटले होते.

त्या चांगल्या होत्या, हे मुद्दाम लिहितो. त्यांनी मला लहान मुलाला सांगावे तसे सांगितले. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला बहुतेक पैसा व्याजातच जातो, मुद्दलाला नावापुरता हात लागतो. दर वाढला तेव्हा हप्ता वाढवला नाही, म्हणजे मुद्दलाला मिळणारा तो नावापुरता वाटाही व्याजाने खाल्ला आणि मुदत लांबत गेली. गच्चीवर पत्रे घातले तेव्हा आम्ही वरून थोडे कर्ज घेतले, ते त्यात मिसळले. माझ्या पहिल्या आजारपणात काही महिने हप्ते चुकले, त्यांचे व्याज मुद्दलात बसले आणि मग त्यावरही व्याज चढू लागले. वीस लाख घेतले होते. अडतीस लाख भरून झाले. चौदा लाख बाकी.

मी विचारले, मग इतकी वर्षे आम्ही काय भरत होतो? त्या म्हणाल्या, "पैशाचं भाडं समजा, काका."

घरी येताना मी मनात वीस लाखांचे वीस भाग केले, चौदा बँकेचे धरले आणि सहाच आपले. ते सहा कुठपर्यंत येतात, ते मी वर लिहिले आहे. रेघ मारून झाल्यावर पत्नी तिच्या अलीकडे, ओट्याला धरून उभी राहिली. मग मधल्या खोलीत जायचे होते म्हणून तिने रेघ ओलांडली, पण कोणी परक्याच्या घरात पाऊल टाकावे तशी. त्यानंतर मलाही त्या घरात नीट झोप लागली नाही. आम्ही झोपलो होतो, जेवत होतो, हसत होतो, तेव्हाही भिंतीमागे काहीतरी जागे होते आणि चरत होते, असे वाटायचे. त्याला रविवार नव्हता, आजारपण नव्हते. माझ्या छातीतल्या दगडाचेही तसेच आहे. दोघे बहुधा बरोबरच मोठे झाले.

कलम चौथे, देहाबद्दल. मी गेल्यावर जे करायचे ते थोडक्यात आणि कर्ज न काढता करावे. माझ्या नावाचा दगड कुठेही बसवू नये. पैलवान फुकटात कोरून देतो म्हणेल, त्याला नको म्हणावे. दगड पुरे झाला.

कलम पाचवे, मुलाबद्दल. हे लिहायला मला तीन दिवस लागले, दम लागतो म्हणून नाही.

माझा मुलगा फ्रिज आणि वातानुकूलित यंत्रे दुरुस्त करतो. वय चोवीस. हात चांगला आहे, जीभ त्याहून तिखट आहे, आईवर गेला आहे. बँकेतल्या बाईंनी मला एक मार्ग सांगितला होता. मुलाचे नाव कर्जात घालायचे, उरलेले चौदा लाख पंचवीस वर्षांवर पसरायचे, म्हणजे हप्ता बराच खाली येईल. महिन्याला बारा हजार सातशे. मी घरी हे सांगितले नाही. पण मुलगा स्वतःच बँकेत गेला आणि तेच ऐकून आला. येताना पेढे आणले. जेवताना तो म्हणाला की बाबांनी आता आराम करायचा, घर त्याच्या अंगावर. त्याची आई रडली आणि तिने त्याच्या पानात आणखी वाढले.

मी विचारले, एकूण किती भरावे लागतील?

"बाबा, महिन्याला किती ते बघा ना," तो म्हणाला. "एकूणचं काय करायचंय? एकूण कोणी एकदम मागत नाही."

मी म्हणालो, अठरा वर्षे मी महिन्याला किती तेच बघितले. त्यावर पत्नीने मला गप्प केले. पोरगा पुढे होतोय तर तुम्ही मागे कशाला ओढता, असे म्हणाली. पुढच्या महिन्यात सह्या करायचे ठरले. मी रात्रभर विचार केला नाही. सकाळी पूजा झाल्यावर पाटीवर गुणाकार केला. बारा हजार सातशे गुणिले पंचवीस वर्षे. उत्तर अडतीस लाखांच्या वर आले. म्हणजे मी जेवढे भरले, तेवढेच त्याने पुन्हा भरायचे, त्याच घरासाठी. आणि कर्ज संपेल तेव्हा तो एकोणपन्नास वर्षांचा असेल. मी पाटी पुसली, पुन्हा गुणाकार केला. देवाकडे बघितले. तिथेही तेच उत्तर होते.

तरीही मी काही केले नसते. माणूस घर सोडत नाही. पत्नीचे तोंड आठवायचे आणि माझे पाय जागेवर बसायचे.

मग एका रविवारी मुलगा दुपारी घरी आला. दारात उभा होता, पाठीवर उजेड होता, आणि मला वाटले मीच आलो. त्याच्या भुवया पांढऱ्या होत्या. केस पांढरे, पापण्या पांढऱ्या, गळ्यात ओला रुमाल. माझा हातात धरून दगड कापायचा छोटा ग्राइंडर त्याने माझ्या पिशवीतून न विचारता नेला होता. रविवारची सुट्टी फुकट जाते, म्हणून तो पैलवानाच्या ओळखीने एका घरी ओटा कापायला गेला होता. कोरडा. हप्त्याची सवय आतापासून लागलेली बरी, असे तो हसत म्हणाला. मग खोकला. एकदाच, पण मी त्या खोकल्याचा आवाज ओळखतो.

मी त्याला न्हाणीघरात पाठवले, ग्राइंडर अंगणात नेला आणि हातोडीने फोडला. म्हणून तो पहिल्या कलमात नाही. पैलवानाला मी दुसऱ्या दिवशी जे बोललो, ते इथे लिहीत नाही. तो रडला, एवढे सांगतो.

कलम सहावे आणि शेवटचे, घराबद्दल. घराची कागदपत्रे माझ्या एकट्याच्या नावावर होती. मी मेहुण्याकडे न जाता दुसऱ्या दलालाकडे गेलो. समोर उड्डाणपूल झाल्यापासून त्या गल्लीला भाव नाही, तरी एक गिऱ्हाईक मिळाले. बेकरीत काम करणारा तरुण आणि त्याची बायको, दोघांचे बिऱ्हाड कुठल्याशा गोदामाच्या वर. बायकोचे दिवस भरत आले होते. ते घर बघायला आले तेव्हा माझी पत्नी मुलीकडे गेली होती. त्याच्या बायकोने स्वयंपाकघर बघितले आणि ती ओट्यावर तळहात ठेवून उभी राहिली. एकतीस लाख ठरले.

व्यवहाराच्या आदल्या दिवशी मी पत्नीला सांगितले. ती भांडली नाही. भाजी निवडता निवडता म्हणाली, "तुम्ही गेल्यावर मी कुठे बसू? बँकेच्या पासबुकावर?" मी म्हणालो, भाड्याच्या खोलीत बसशील, पण पोरगा तुझ्यासमोर बसलेला असेल. तेव्हापासून ती माझ्याशी बोलते, औषधे वेळेवर देते, पण त्या घराचा विषय निघाला की "तुमचं घर" म्हणते.

व्यवहार त्याच बँकेत, त्याच टेबलावर झाला. तरुण तीस वर्षांचे कर्ज घेत होता. बाई कागद सरकवत होत्या आणि तो पेन उघडून बसला होता. मला राहवले नाही. मी म्हणालो, बाळा, महिन्याला किती ते विचारलेस, एकूण किती तेही विचार. त्याने विचारले. बाईंनी माझ्याकडे एकदा बघून खरा आकडा सांगितला. तो आकडा ऐकून त्याची बायको खुर्चीत थोडी मागे झाली. तो मात्र हसला. "काका, भाडं तर असंही भरतोच ना," असे म्हणून त्याने सही केली. बाईंनी पुढचे पान उलटले. मी त्याला थांबवू शकलो असतो का, हे मला माहीत नाही. थांबवले असते तर माझा मुलगा सुटला नसता. हे मी देवापुढे अजून बोललेलो नाही.

बँकेचे चौदा लाख तिथल्या तिथे वळते झाले. उरलेले सतरा लाख, भाड्याची अनामत आणि घरसामान हलवायचा खर्च वजा करून, संपूर्णपणे माझ्या पत्नीचे आहेत. त्यावर मुलाचा, मुलीचा, जावयाचा, मेहुण्याचा हक्क नाही. या पैशातून कोणाच्याही घराचे पहिले पैसे भरायचे झाले, तर शेवटच्या हप्त्यापर्यंत एकूण किती भरावे लागतील तो आकडा मोठ्या अक्षरात लिहून महिनाभर जेवायच्या जागेसमोर लावावा. महिन्यानंतरही जेवण गोड लागले तर घर घ्यावे.

मुलाला मी पैसा देत नाही, वस्तू देत नाही. व्यवहाराच्या दिवशीच आम्ही सामान हलवले, आणि त्या संध्याकाळी तो कामावरून थेट या भाड्याच्या खोल्यांवर आला. त्याच्या आईने फोन केला असावा. तो बसला नाही. असे रागावलेले मी त्याला कधी पाहिले नव्हते.

"मला एकदा विचारायचं तरी होतं," तो म्हणाला.

"विचारलं असतं तर तू हो म्हणाला असतास."

तो चपलांसकट खिडकीशी जाऊन उभा राहिला. मग दाराशी परत गेला आणि चपला काढून आत आला.

करिता लिहून ठेवतो की ते घर माझ्या मिळकतीत नाही, म्हणून मी ते कोणालाही देत नाही. मी ते विकले आहे. चावी दिली आहे, पावती घेतली आहे, आणि त्या कर्जाच्या एकाही कागदावर माझ्या मुलाची सही नाही.

हे मी वाचून, समजून, शुद्धीत लिहिले. पुढे जे होईल त्याला देव समर्थ आहे.

लिहून ठेवणार: सही (ओटेवाला)

साक्षीदार एक: सही (खालच्या मजल्यावरचा चष्मेवाला. याने आधी सगळे वाचले, मग चष्मा पुसला.)

साक्षीदार दोन: सही (छातीच्या दवाखान्यातल्या निवृत्त परिचारिका. लिहिणारा शुद्धीवर होता, असे त्यांनी स्वहस्ते नोंदवले आहे.)

ठिकाण: भाड्याच्या दोन खोल्या, दुसरा मजला
दिनांक: ९ नोव्हेंबर, घराचा व्यवहार पूर्ण झाल्याच्या चौथ्या दिवशी